नटश्रेष्ठ सर अ‍ॅलेक गिनेस : एक अल्पचरित्र

धर्मग्रामाच्या महोत्सवी स्मरणिकेत संतांची, मिशनरी धर्मगुरूंची आणि देवळाच्या भिंती उभारताना खांद्यावर दगड वाहणाऱ्या आपल्या पूर्वजांची चरित्रे यावयाची, अशी रीत आहे. त्या थोर मंडळींच्या पंक्तीत एका नटास पाट मांडलेला पाहून कित्येक वाचकांस नवल वाटेल, आणि एखाद्या वडीलधाऱ्या गृहस्थांच्या कपाळास आठीही पडेल. तोंडाला रंग फासून पोट भरणाऱ्याकडे आपल्या समाजाने फारशा आदराने कधी पाहिले नाही, हे खरेच आहे. तथापि ख्रिस्तसभेच्या हुतात्म्यांत संत जेनेसियस या रोमन नटाची गणना होत आली आहे. रंगभूमीवर बाप्तिस्म्याची टवाळी करीत असता त्याला खऱ्या श्रद्धेचा लाभ झाला आणि त्या श्रद्धेपायी त्याने प्राण दिले, अशी परंपरागत कथा आहे. विसाव्या शतकात इंग्लंडमध्ये होऊन गेलेल्या एका नटाच्या आयुष्यातही सत्य हे सोंगाच्याच वाटेने आले. ते नट म्हणजे सर अ‍ॅलेक गिनेस. त्यांना देवाज्ञा होऊन पाव शतक उलटले आहे. त्यांचे चरित्र आमच्या वाचकांस बोधप्रद व मनोरंजकही वाटेल, अशा भरवशाने ते येथे थोडक्यात सांगत आहो.

जन्म व बालपण

अ‍ॅलेक यांचा जन्म २ एप्रिल १९१४ रोजी लंडन शहरी झाला. मातेचे नाव अ‍ॅग्नेस कफ. जन्माच्या दाखल्यात पित्याच्या नावाची जागा कोरी होती, आणि ती जन्मभर कोरीच राहिली. बँकेच्या व्यवसायातील एक गृहस्थ मुलाच्या शाळेचा खर्च देत असत. तेच आपले जन्मदाते असावेत, असा तर्क अ‍ॅलेक यांनी पुढे केला. परंतु तर्कापलीकडे निश्चित असे त्यांस कधीच कळले नाही. आईने मध्यंतरी एका सैनिकी अधिकाऱ्याशी विवाह केला. तो गृहस्थ अत्यंत तापट असल्याने त्या घराची आठवण मुलाच्या मनात भीतीच्याच रूपाने राहिली. आणि हा संसार लवकरच मोडला. वयाच्या चौदाव्या वर्षापर्यंत मुलाने तीन निरनिराळी आडनावे धारण केली होती, आणि सुमारे तीस खाणावळी, भाड्याच्या खोल्या व बिऱ्हाडे पाहिली होती. भाडे थकले की रातोरात बाडबिस्तरा उचलावयाचा, असा त्या माउलीचा क्रम असे.

ज्या मुलास आपण कोण हे ठाऊक नाही, त्यास दुसरा कोणी होण्याची हौस लवकर लागावी, यात आश्चर्य नाही. शाळेत असता 'मॅक्बेथ' नाटकात त्यास एका जासुदाचे लहानसे काम मिळाले. दूत धावत येऊन वार्ता सांगतो असा प्रसंग होता. प्रवेशाची वेळ होण्यापूर्वी हा मुलगा शाळेच्या मैदानाभोवती खरोखरच धावून आला व खराखुरा धापा टाकीत रंगभूमीवर शिरला, अशी हकीकत सांगतात. पुढील साठ वर्षांच्या कारकीर्दीचे बीज या एका प्रसंगात दिसून येते.

शाळा संपल्यावर पोटासाठी त्यांनी लंडनमधील एका जाहिरात संस्थेत मजकूर लिहिण्याची नोकरी धरली. पगार बेताचाच, त्यातून उरेल ते नाट्यगृहातील सर्वांत वरच्या, सर्वांत स्वस्त बाकांवर खर्च होई. अखेर धीर करून त्यांनी त्या काळचे प्रख्यात नट जॉन गिलगुड यांच्याकडे साहाय्य मागितले. गिलगुड यांच्या शिफारशीवरून मार्टिटा हंट या नटीने त्यांस काही धडे दिले. प्रथम मात्र तिलाही या काटकुळ्या, लाजाळू मुलात काही दिसले नव्हते. पुढे फे कॉम्प्टन यांच्या नाट्यशाळेत त्यांस शिष्यवृत्ती मिळाली. एकदा त्यांची ओढगस्त पाहून गिलगुड यांनी वीस पौंड पुढे केले. खिशात जवळजवळ काही नसताही अ‍ॅलेक यांनी ते नम्रपणे नाकारले. १९३४ साली गिलगुड यांनी आपल्या 'हॅम्लेट'मध्ये त्यांस ऑस्रिकची भूमिका दिली, आणि या अनामिक कुळातील मुलाची रंगभूमीवर प्रतिष्ठापना झाली.

रंगभूमी, विवाह व युद्ध

त्याच वर्षी दुसऱ्या एका नाटकात त्यांनी एका रात्रीत तीन सोंगे केली : एक चिनी हमाल, एक फ्रेंच चाचा व एक इंग्रज खलाशी. १९३८ साली मेरुला सालामन या नटीशी त्यांचा विवाह झाला, आणि त्याच वर्षी ओल्ड व्हिक नाट्यगृहात त्यांनी स्वतः हॅम्लेटची भूमिका केली. त्या खेळाच्या दिवसांतील एक लहानशी गोष्ट आम्हा ख्रिस्ती वाचकांस विशेष वाटेल. नाटकात एके ठिकाणी ते क्रुसाची खूण करीत. एके रात्री एक अँग्लिकन धर्मगुरू रंगपटात येऊन त्यांस भेटले आणि, आपण क्रुसाची खूण चुकीची करता, असे त्यांनी स्पष्ट सांगून ती कशी करावयाची ते दाखविले. अ‍ॅलेक यांनी राग मानला नाही. उलट त्या भेटीतून स्नेह जडला. सोळाव्या वर्षी अँग्लिकन पंथात त्यांस दृढीकरण मिळाले होते, परंतु श्रद्धा अशी मनात उरली नव्हती. क्वेकर लोकांच्या सभा, बौद्ध विचार, अशा अनेक दारांत ते डोकावले होते. कॅथॉलिक धर्माविषयी मात्र त्यांच्या मनात त्या काळी अढीच होती. ती विझत आलेली धर्मजिज्ञासा या खुणेच्या निमित्ताने पुन्हा फुंकली गेली.

दुसऱ्या महायुद्धात १९४१ साली ते साधे खलाशी म्हणून आरमारात दाखल झाले. पुढील वर्षी त्यांस अधिकारपद मिळाले, आणि १९४३ च्या जुलैमध्ये सिसिली बेटावर सैन्य उतरले तेव्हा सैनिकांना किनाऱ्यास पोहोचविणाऱ्या एका नौकेचे ते अधिपती होते. तोफांच्या भडिमारात माणसांचे जीव सांभाळणारा हा अधिकारी दोन वर्षांपूर्वी नाट्यगृहात दाढीमिशा चिकटवीत होता, हे त्या सैनिकांपैकी किती जणांस ठाऊक असेल कोण जाणे.

बोलपटांतील कीर्ती

युद्धापूर्वी डिकन्स यांच्या 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स' या कादंबरीचे त्यांनी स्वतः नाट्यरूपांतर केले होते. ते पाहिलेल्या डेव्हिड लीन या दिग्दर्शकाने १९४६ साली त्याच कथेचा बोलपट काढला व त्यात त्यांस घेतले. १९४८ साली 'ऑलिव्हर ट्विस्ट' निघाला. त्यातील फेगिन या म्हाताऱ्या चोराची भूमिका चौतीस वर्षांच्या या तरुणाने अशी वठविली की ओळख पटू नये. परंतु या यशास एक डाग लागला, तो लपविण्यात अर्थ नाही. जुन्या चित्रांवरून बनविलेले ते लांबलचक नाक व तो वेष यांमुळे यहुदी लोकांची मने दुखावली. लक्षावधी यहुद्यांच्या संहारास तेव्हा चार वर्षेही झाली नव्हती. बर्लिन शहरात १९४९ साली या बोलपटाविरुद्ध उग्र निदर्शने झाली, आणि अमेरिकेत तो काटछाट होऊन १९५१ साली प्रदर्शित झाला. कौशल्य कितीही थोर असो, ते कोणाच्या जखमेवर पडते याचा विचार कलावंतास करावा लागतो, हा धडा त्यातून घेण्यासारखा आहे.

१९४९ साली 'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स' हा विनोदी बोलपट आला आणि गिनेस यांचे नाव जगभर झाले. एका उमराव घराण्यातील माणसे एकामागून एक मरतात, अशी ती कथा. आरंभी त्यांस त्यांतील चार भूमिका देऊ केल्या होत्या. चारच का, आठही आपणच करू, असा त्यांचा आग्रह पडला. उमराव, सावकार, सेनानी, आरमारप्रमुख, वृद्ध अँग्लिकन धर्मोपदेशक, इतकेच काय पण स्त्रियांच्या हक्कांसाठी झगडणारी एक बाईसुद्धा त्यांनीच रंगविली. एका दृश्यात या घराण्यातील सहा जण देवळात एकत्र बसलेले दिसतात. ते कसे साधले, हे सांगितल्यास तरुण वाचकांस मौज वाटेल. कॅमेरा एका जागी घट्ट बसवून त्याच्या भिंगापुढील एक भाग तेवढा उघडा ठेवावयाचा व एका वेषातील गिनेस यांचे चित्र घ्यावयाचे. मग फीत उलटी गुंडाळून आरंभास आणावयाची, पहिला भाग झाकून दुसरा उघडावयाचा, व तोवर वेष बदलून आलेल्या गिनेस यांस दुसऱ्या जागी बसवावयाचे. असे सहा वेळा. मध्ये कॅमेऱ्यास केसभर धक्का लागला तरी सर्व श्रम व्यर्थ. म्हणून छायाचित्रकार डग्लस स्लोकोम हे रात्री कॅमेऱ्याच्या राखणीस तेथेच निजले.

कोणतीही भूमिका हाती आली की तिची चाल कशी, याचा शोध ते प्रथम घेत. माणूस पाऊल कसे टाकतो हे सापडले की त्याचा बोलण्याचा स्वर, हातांची ठेवण, डोळ्यांतील भाव ही हळूहळू मागून येतात, असा त्यांचा अनुभव होता. या चालीची कथा पुढे यावयाची आहे. वाचकांनी ती ध्यानात ठेवावी.

एका बालकाचा हात

कॅथॉलिक लेखक चेस्टरटन यांनी फादर ब्राउन या साध्याभोळ्या दिसणाऱ्या धर्मगुरूच्या चातुर्यकथा लिहिल्या आहेत. त्यांवरील बोलपट १९५४ साली प्रदर्शित झाला व त्यात फादरांचे काम गिनेस यांनी केले. चित्रणाचा काही भाग फ्रान्समधील बर्गंडी प्रांतात झाला. एके सायंकाळी काम नसल्यामुळे ते धर्मगुरूचा काळा झगा अंगात तसाच ठेवून गावाबाहेरच्या वाटेने आपल्या बिऱ्हाडाकडे निघाले. अंधार पडत होता. मागून लहान पावलांचा आवाज आला, आणि एका सातआठ वर्षांच्या अनोळखी मुलाने फादर म्हणून हाक मारीत त्यांचा हात घट्ट धरला. हात हलवीत, उड्या मारीत, तो मुलगा फ्रेंच भाषेत एकसारखा बडबडत चालला होता. आपण तोंड उघडले तर आपल्या मोडक्यातोडक्या फ्रेंचने पोर भिऊन जाईल, म्हणून गिनेस गप्पच राहिले. काही वेळाने मुलाने नमस्कार करून हात सोडला व तो कुंपणाच्या एका खिंडीतून दिसेनासा झाला.

प्रसंग एवढाच. परंतु गिनेस यांनी तो जन्मभर विसरला नाही. ज्या पंथाचे धर्मगुरू एका अपरिचित बालकास, तिन्हीसांजेच्या वेळी, एकाकी वाटेवर इतका विश्वास देऊ शकतात, तो पंथ आपण समजत होतो तसा कपटी व कावेबाज नसावा, असा विचार त्यांच्या मनात प्रथमच आला. आम्हास येथे आणखी एक गोष्ट जाणवते. ज्याने आयुष्यात कोणास बाबा म्हणून हाक मारली नव्हती, त्यालाच त्या पोराने पिता म्हणून हाक मारिली होती. झगा भाड्याचा होता. विश्वास मात्र खरा होता.

नवस

त्याच सुमाराच्या वर्षांत गिनेस यांच्या घरावर मोठा आघात झाला. त्यांचा एकुलता एक मुलगा मॅथ्यू, वय वर्षे अकरा, यास पोलिओ झाला व कंबरेखालचे अंग लुळे पडले. त्या काळी या रोगावर प्रतिबंधक लस उपलब्ध नव्हती. चित्रीकरण संपवून घरी परतताना गिनेस लंडनमधील एका लहानशा कॅथॉलिक देवळात शिरून बसू लागले. प्रार्थनेस शब्द सुचत नसत. अखेर त्यांनी देवाशी एक करार केला : मुलगा बरा झाला व पुढे त्याला कॅथॉलिक व्हावेसे वाटले, तर आपण आड येणार नाही. आपल्याकडे ज्यास नवस म्हणतात, तोच हा. असा सौदा करणे विशेष उदात्त नव्हे, हे त्यांनाही कळत होते. परंतु ज्याचे लेकरू खाटेवर पडले आहे त्या बापास उदात्ततेचा विचार कोठून सुचावा?

तीन महिन्यांच्या आत मुलगा अडखळत का होईना, पावले टाकू लागला. नाताळपर्यंत तो चेंडू खेळू लागला होता. पुढे शाळेचा प्रश्न निघाला तेव्हा बोमाँट येथील येशूसंघीय धर्मगुरूंच्या विद्यालयात त्यास घातले गेले, आणि पंधराव्या वर्षी त्याने आपणास कॅथॉलिक व्हावयाचे आहे, असे वडिलांस सांगितले. गिनेस यांनी दिलेला शब्द पाळला.

दरम्यान १९५४ साली रंगभूमीवर व १९५५ साली बोलपटात 'द प्रिझनर' या नाटकातील कार्डिनलची भूमिका त्यांच्याकडे आली. हंगेरीतील कार्डिनल मिंडझेंटी यांस तेथील साम्यवादी सरकारने डिसेंबर १९४८ मध्ये अटक करून पुढील वर्षी त्यांच्यावर खटला चालविला, ती हृदयद्रावक हकीकत या नाटकाच्या मुळाशी होती. कोठडीत छळ सोसून अखेर खोटी कबुली देणाऱ्या त्या धर्माधिकाऱ्याच्या दुःखात शिरताना नटासही आपले अंतःकरण तपासावे लागले असेल. कान व व्हेनिस येथील चित्रपट महोत्सवांनी राजकीय भीतीपोटी हा बोलपट दाखविला नाही.

ख्रिस्तसभेत प्रवेश

आता गिनेस यांचे कुटुंब हॅम्पशायर परगण्यात पीटर्सफील्ड गावाजवळ राहावयास गेले होते. तेथील धर्मगुरूंकडे ते धर्मशिक्षणास जाऊ लागले. लेस्टरशायरमधील माउंट सेंट बर्नार्ड या ट्रॅपिस्ट मठातही त्यांनी काही दिवस एकांतवास केला. तेथील एका पहाटेचे वर्णन त्यांच्या आत्मकथेत आहे. मठाच्या देवळाची दारे सताड उघडी होती व दूरच्या शेतांवर तांबडा सूर्य उगवत होता. बाजूच्या प्रत्येक वेदीपाशी एकेक संन्यासी सुंदर मिस्सावस्त्रे घालून पवित्र मिस्सा अर्पण करीत होता, आणि त्या वस्त्रांखाली पायांत शेण लागलेले शेतकऱ्याचे जोडे होते. ज्यांच्या घरी गोठा आहे अशा आमच्या वाचकांस या चित्राची गोडी अधिक सांगावयास नको. वेष व माणूस यांच्यातील अंतर हाच ज्यांचा आयुष्याचा धंदा, त्या नटास तेथे प्रथमच ते दोन्ही एकत्र नांदताना दिसले.

मार्च १९५६ मध्ये पीटर्सफील्डच्या सेंट लॉरेन्स देवळात अ‍ॅलेक गिनेस यांचा कॅथॉलिक ख्रिस्तसभेत विधिपूर्वक प्रवेश झाला. त्यानंतर थोड्याच दिवसांनी लंडनच्या किंग्जवे रस्त्याने जात असता त्यांच्या मनात एकाएकी काय आले कोण जाणे, ते धावू लागले. आणि जवळच्या लहानशा कॅथॉलिक देवळात पवित्र साक्रामेंतापुढे जाऊन गुडघे टेकले. आपण हे काय वेड्यासारखे केले, असे त्यांस वाटले. विद्वान व शांत वृत्तीचे मोन्सिन्योर रोनाल्ड नॉक्स यांसही असाच अनुभव आला होता, हे पुढे वाचनात आल्यावर त्यांचे समाधान झाले. १९५७ साली ते चित्रीकरणानिमित्त लंकेत असता पत्नी मेरुला यांनीही, त्यांस आधी न कळविता, कॅथॉलिक धर्माचा स्वीकार केला.

चालीची कथा

लंकेत चालले होते ते चित्रीकरण 'द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय' या बोलपटाचे. जपान्यांच्या कैदेत असलेला कर्नल निकल्सन हा इंग्रज अधिकारी त्याचा नायक. ही भूमिका गिनेस यांनी आधी एकदा नव्हे, अनेकदा नाकारली होती. कर्नलास उन्हात तापलेल्या एका पत्र्याच्या खुराड्यात कित्येक दिवस कोंडून ठेवतात, आणि नंतर बाहेर काढून जपानी अधिकाऱ्यापुढे आणतात, असा एक प्रसंग आहे. अंगात त्राण नाही, पाय सरळ पडत नाहीत, पण मान ताठ. ती थोडीशी वाट चालताना गिनेस यांनी जी चाल दाखविली ती पाहून प्रेक्षकांचा श्वास रोखला जातो. ती चाल त्यांनी शोधली कोठे? पोलिओतून उठलेला मॅथ्यू पुन्हा चालावयास शिकत होता, तेव्हा त्याची जी पावले बापाने डोळ्यांत प्राण आणून पाहिली होती, तीच ही पावले. आपल्या साऱ्या कामात हे काम उत्तम साधले, असे त्यांचे मत होते. त्या वर्षीचे सर्वश्रेष्ठ नटाचे ऑस्कर पारितोषिक त्यांस मिळाले, आणि १९५९ साली राणी एलिझाबेथ यांनी त्यांस सर ही पदवी दिली.

केवळ आवाजाचे नट

गिनेस यांच्या मुखवट्यांची कीर्ती मोठी. परंतु त्यांच्या आवाजाची थोरवीही काही कमी नव्हती. तो आवाज मोठा नव्हता. हलका, स्वच्छ, विचार करून टाकलेल्या पावलासारखा एकेक शब्द. १९६५ च्या 'डॉक्टर झिव्हागो' बोलपटात नायकाचा सावत्र भाऊ ही त्यांची भूमिका. गतकालाच्या प्रसंगांत तो भाऊ समोर उभा असतो पण त्याचे ओठ हलत नाहीत. त्याचे बोलणे केवळ निवेदकाच्या रूपाने आपल्या कानी पडते. चेहरा एका काळात व आवाज दुसऱ्या काळात, अशी ही अवघड कसरत त्यांनी सहज साधली. १९७४ साली बी. बी. सी. नभोवाणीवर त्यांनी शेक्सपिअरचा राजा लिअर उभा केला, तेथे तर रंगभूषेचा आसराच नव्हता. कवी टी. एस. एलिअट यांचे 'फोर क्वार्टेट्स' हे धर्मचिंतनपर काव्यही त्यांच्या वाचनाने ध्वनिमुद्रिकेवर अमर झाले आहे. एलिअट यांच्याच 'द कॉकटेल पार्टी' नाटकात १९४९ साली एडिंबरो येथे त्यांनी प्रथम प्रमुख काम केले होते.

१९७२ साली संत फ्रान्सिस आसिसीकर यांच्या जीवनावरील 'ब्रदर सन, सिस्टर मून' या चित्रपटात ते पोप तिसरे इनोसंट झाले. अनवाणी आलेल्या त्या दरिद्री तरुणापुढे रत्नखचित वस्त्रांतील पोपमहाराज स्वतः वाकतात, तो क्षण ज्यांनी पाहिला असेल ते विसरणार नाहीत.

भारताशी, किंबहुना मराठी नावाशी, त्यांचा संबंध १९८४ साली आला. 'अ पॅसेज टु इंडिया' चित्रपटात त्यांनी प्रोफेसर गोडबोले यांची भूमिका केली. मूळ कादंबरी इ. एम. फॉर्स्टर यांची, १९२४ सालची. फॉर्स्टर हे १९२१ साली देवास संस्थानाच्या थोरल्या पातीच्या मराठा महाराजांचे खाजगी चिटणीस होते, तेव्हा गोडबोले हे आडनाव व दक्षिणी ब्राह्मणाचे ते पात्र त्यांस कोठून सुचले हे सांगणे नकोच. गिनेस यांनी या भूमिकेसाठी एक धार्मिक नृत्य कष्टाने शिकून केले. परंतु त्याचा बहुतेक भाग दिग्दर्शकाने गाळून टाकला व त्यांस ते लागले. इंग्रज नटाने काळासावळा रंग लावून हिंदी गृहस्थाचे सोंग आणावे हे तेव्हाही अनेकांस रुचले नव्हते, आणि आज तर ते सर्वांसच खटकते. फेगिनच्या वेळी जो प्रश्न निघाला होता, तोच येथे निराळ्या रूपाने पुन्हा उभा राहिला.

दोन बालके

लोकांत त्यांचे नाव सर्वाधिक पसरले ते १९७७ सालच्या 'स्टार वॉर्स' या अद्भुतरम्य चित्रपटामुळे. त्यातील ओबी-वान केनोबी हा वृद्ध योद्धा कथेच्या मध्यास मरतो, परंतु त्याचा आवाज शिष्यास पुढेही वाट दाखवीत राहतो. उत्पन्नाचा सव्वादोन टक्के वाटा मिळाल्याने म्हातारपणी त्यांस पैशाची ददात राहिली नाही. पण या कीर्तीचा त्यांस उबगच येई. अमेरिकेत एक बारा वर्षांचा मुलगा आईसह भेटावयास आला व आपण हा चित्रपट शंभराहून अधिक वेळा पाहिला असे अभिमानाने सांगू लागला. गिनेस यांनी त्याला, पुन्हा तो कधी न पाहण्याचे वचन दे, अशी विनंती केली. मुलगा रडू लागला, आणि आई संतापून त्यास घेऊन गेली.

बर्गंडीतील बालकाने झग्यामागे धर्मगुरू पाहिला. अमेरिकेतील बालकाने वेषामागे योद्धा पाहिला. दोघांनीही नटास ओळखले नव्हते. मग एकाचा हात गिनेस यांनी निमूटपणे धरू दिला व दुसऱ्यास का दुखविले? आम्हास वाटते, पहिल्या बालकाचा विश्वास वेषापलीकडे असलेल्या खऱ्या वस्तूवर होता, आणि दुसऱ्याच्या भक्तीस वेषापलीकडे काहीच नव्हते. ती केवळ कचकड्याच्या देवाची होती. तरीही मुलास रडविणे बरे झाले असे आम्ही म्हणणार नाही.

उत्तरायुष्य व अंत

संत म्हणून त्यांची मूर्ती उभारण्याचा आमचा हेतू नाही. स्वभाव भिडस्त व एकलकोंडा. घरी पत्नीस ते कधीकधी टोचून बोलत, हे त्यांच्या चरित्रकारांनी नमूद केले आहे. १९५१ साली त्यांनी पुन्हा केलेला 'हॅम्लेट' सपशेल पडला होता, आणि त्या अपयशाचा सल त्यांस कायम राहिला. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर उपासनेत जे बदल झाले त्यांतील पुष्कळसे त्यांस रुचले नाहीत, व तसे त्यांनी लिहूनही ठेवले. पण म्हणून त्यांनी मिस्सा सोडली नाही की देऊळ बदलले नाही. घरातील वडील माणसाचा हट्ट पटला नाही तरी आपण घर सोडीत नाही, तशी त्यांची वागणूक होती.

वृद्धपणी बी. बी. सी. च्या दूरचित्रवाणीवर १९७९ व १९८२ साली त्यांनी साकारलेला जॉर्ज स्मायली हा अबोल गुप्तहेर लोकांच्या मनात घर करून राहिला. १९८० साली त्यांस आजीव सेवेबद्दल दुसरे ऑस्कर मिळाले. १९८५ साली त्यांची आत्मकथा प्रसिद्ध झाली. तीत स्वतःपेक्षा आपल्यावर उपकार करणाऱ्यांविषयीच अधिक मजकूर आहे.

५ ऑगस्ट २००० रोजी, वयाच्या ८६ व्या वर्षी, यकृताच्या कर्करोगाने त्यांचे देहावसान झाले. ज्या पीटर्सफील्डमध्ये त्यांचा ख्रिस्तसभेत प्रवेश झाला, त्याच गावी त्यांच्या देहास विसावा मिळाला. बासष्ट वर्षांचा संसार केलेल्या मेरुलाबाईही त्याच वर्षी ऑक्टोबर महिन्यात त्यांच्यामागून गेल्या.

वाचकहो, आपल्या धर्मग्रामातही नाताळच्या नाटकात कोणी योसेफ होतो, कोणी मेंढपाळ. उपवासकाळात कोणी सायमन होऊन क्रुसास खांदा देतो. दुसऱ्या दिवशी तो आपल्या वाडीत, कचेरीत वा गिरणीत कामास जातो, आणि दाढी काढून टाकल्यावर सर्व संपले असे समजतो. कदाचित् ते संपलेले नसेल. गावाबाहेरच्या वाटेवर अंधार पडत असता कोणते बालक आपला हात धरील, आणि आपण घातलेल्या वेषावरून आपल्यात काय पाहील, हे आपणांस ठाऊक नसते. गिनेस यांचा हात एकदा असा धरला गेला, आणि तो हात त्यांनी झिडकारला नाही. देव त्यांच्या आत्म्यास चिरशांती देवो.